मुक्या माराचा हिशेब



पुण्यात भरलेल्या या परिषदेचे अध्यक्षपद मला दिलेत, याबद्दल मी आपला ऋणी आहे. अस्थिशल्यचिकित्सकांच्या व्यासपीठावर अध्यक्षांनी हाडांवर बोलावे, असा आपला रिवाज. आज मी तो थोडा मोडणार आहे, कारण आपण ज्या शहरात जमलो आहोत ते दुचाकींचे शहर आहे. इथे डंपरचे किंवा बसचे चाक मांडीवरून जाते, गाडी घसरून स्वार डांबरावर फरफटत जातो, दोन वाहनांच्या मध्ये कंबर चेंगरते. 20 नोव्हेंबर 2022 रोजी नवले पुलाजवळ एका अवजड वाहनाने अनेक गाड्यांना धडका दिल्या. अशा रात्री कॅज्युअल्टीत आधी श्वास पाहिला जातो, मग रक्तस्राव, मग हाडे. आणि हा क्रम बरोबरच आहे. गफलत होते ती त्यानंतर. एक्स-रे स्वच्छ आला की केसपेपरवर ‘मुका मार’ लिहिले जाते, वेदनाशामक गोळ्या मिळतात आणि रुग्ण घरी जातो. यातल्या काहींच्या त्वचेखाली बंद डिग्लव्हिंगची इजा असते. ती पहिल्या दिवशी दिसली नाही तर तो दोष नव्हे. ती पुन्हा शोधायची तरतूदच आपल्या पद्धतीत नसणे, हा दोष आहे. माझे आजचे म्हणणे एवढेच आहे.

ही इजा नवी नाही. फ्रेंच शल्यचिकित्सक मोरेल-लाव्हाले यांनी 1863 मध्ये तिच्यावर सविस्तर लिहिले आणि आजही ती त्यांच्याच नावाने ओळखली जाते. आघात तिरका, घासत येणारा असला की त्वचा आणि तिच्याखालची चरबी डीप फॅशियापासून, म्हणजे स्नायूंवरच्या आवरणापासून, कोटाचे अस्तर उसवावे तशी सुटते. फॅशिया भेदून वर येणाऱ्या रक्तवाहिन्या आणि लसिकावाहिन्या तुटतात. मधल्या पोकळीत रक्त, लसिका आणि मेलेल्या चरबीचे कण साचत जातात. वरची त्वचा अखंड असते, पण तिला खालून येणारा रक्तपुरवठा तुटलेला असतो. ती जगते ती त्वचेतल्याच बारीक वाहिन्यांच्या जाळ्यावर. पोकळी तशीच राहिली तर काही आठवड्यांत तिच्याभोवती तंतुमय कवच तयार होते, आणि मग कितीही दाबपट्टी बांधली तरी दोन थर एकमेकांना चिकटत नाहीत. उशीर महाग पडतो तो यामुळे. वॅनहेगन आणि सहकाऱ्यांनी 2012 मध्ये प्रकाशित अहवालांतील 204 इजा एकत्र तपासल्या. त्यांत खुब्याचा भाग 30 टक्के, मांडी 20 टक्के, ओटीपोटाचा भाग 19 टक्के आणि गुडघा 16 टक्के होता. दुचाकीवरून आडव्या पडलेल्या माणसाचे नेमके हेच भाग रस्त्यावर आपटतात.

पहिल्या तपासणीत यातल्या सुमारे एक तृतीयांश इजा निसटतात, असे वाङ्मयात वारंवार नोंदले गेले आहे. सूज हळूहळू वाढते, कधी काही तासांत तर कधी काही दिवसांनी; तोवर शेजारचे मोडलेले हाड सगळे लक्ष खेचून घेते. तरीही निदानाला महागडी साधने लागतात असे नाही. कपडे पूर्ण काढून पाठ, खुबा आणि मांडीची बाहेरची बाजू पाहावी. टायरचा ठसा, खरचटण्याच्या पट्ट्या, पसरत चाललेले काळेनिळेपण यांची नोंद करावी. मग तळहात ठेवून त्वचा हलक्या हाताने सरकवून पाहावी. ती नको तितकी सरकते का, खाली पाणी डुचमळते का, टाचणीचा स्पर्श समजतो का? त्वचेचे मज्जातंतूही ताणाने तुटत असल्यामुळे बधिरपणा ही मोलाची खूण आहे. शंका आली तर सोनोग्राफीत चरबी आणि फॅशियाच्या मध्ये द्रव दिसतो, तो दाबाने सरकतो आणि डॉपलरवर त्यात रक्तप्रवाह सापडत नाही. ओटीपोटाच्या हाडांसाठी सीटी केलेलाच असेल, तर त्याच चित्रांत त्वचेखालचा थरही पाहावा. एमआरआय सर्वांत नेमका खरा, पण त्याची खरी गरज जुन्या, कवच धरलेल्या किंवा मऊ ऊतींच्या गाठीसारख्या भासणाऱ्या सुजेत पडते.

यावर पहिला आक्षेप येईल तो गर्दीचा. ससूनसारख्या रुग्णालयाच्या कॅज्युअल्टीत प्रत्येक खरचटलेल्या माणसाची त्वचा सरकवून पाहायला वेळ कुठला? आक्षेप खरा आहे, म्हणूनच माझा भर पहिल्या तपासणीपेक्षा दुसरीवर आहे. दाखल रुग्णाची 48 ते 72 तासांत डोक्यापासून पायापर्यंत फेरतपासणी व्हावी आणि घरी सोडलेल्याला त्याच मुदतीत परत बोलवावे. तेही सर्वांना नव्हे. चाक वरून गेलेले, फरफटलेले किंवा चेंगरलेले, एवढ्यांनाच. अपघात कसा झाला हे केसपेपरवर एका ओळीत नीट लिहिले, तर ही निवड आपोआप होते.

दुसरा आक्षेप असा की, लहान इजा दाबपट्टीने बऱ्या होतातच, आणि मोठीत सुई घालून पाणी काढले की भागते. यातला पहिला अर्धा मला मान्य आहे. दुसऱ्याला पुरावा साथ देत नाही. मेयो क्लिनिकच्या 2014 च्या अभ्यासात 79 रुग्णांच्या 87 इजा होत्या. नुसते पाणी काढल्यावर 56 टक्के इजा पुन्हा भरल्या. शस्त्रक्रियेनंतर हे प्रमाण 15 टक्के आणि दाबपट्टी व निरीक्षणानंतर 19 टक्के होते. पुन्हा भरलेल्या इजांत 50 मिलिलिटरहून जास्त द्रव निघालेल्या बहुसंख्य होत्या. हे गट यादृच्छिक निवडीने केलेले नव्हते आणि दाबपट्टीवर ठेवलेल्या इजा मुळातच सौम्य असणार, हे ध्यानात ठेवूनही एक व्यवहार्य मर्यादा हाती लागते: 50 मिलिलिटरपेक्षा जास्त द्रव निघाला, तर दुसऱ्यांदा सुई उचलण्याऐवजी शस्त्रक्रियेचा विचार करावा. सुईने द्रव निघतो, मेलेली चरबी आतच राहते. शिवाय दर खेपेला जंतूंना वाट मिळण्याचा धोका असतो.

मग मोठा छेद घेऊन सगळे साफ का करू नये? कारण ती त्वचा आधीच अर्धपोटी आहे. लांब छेदाने उरलेल्या वाहिन्याही तुटतात आणि त्वचा काळी पडू शकते. उलट, काहीच न करता त्याच भागातून ओटीपोटाच्या हाडावर प्लेट बसवणेही घातक, कारण त्वचा अखंड असली तरी आतला द्रव निर्जंतुक असेलच असे नाही. हॅक, ओल्सन आणि मॅटा यांच्या 1997 च्या 24 रुग्णांत 46 टक्क्यांच्या द्रवात जंतू वाढले होते. या दोन्हींमधली वाट त्सेंग आणि टॉर्नेटा यांनी 2006 मध्ये 19 रुग्णांवर दाखवली. पहिल्या तीन दिवसांत दोन लहान छेद घ्यायचे, प्लास्टिकच्या ब्रशने मेलेली चरबी सैल करायची, निघणारे पाणी स्वच्छ होईतो सलाइनने धुवायचे आणि ओढणारा ड्रेन ठेवायचा. 24 तासांत 30 मिलिलिटरपेक्षा कमी स्राव आला की तो काढायचा. त्यांच्या मालिकेत खोलवरचा जंतुसंसर्ग झाला नाही. 19 हा आकडा लहान आहे, हे उघड आहे. पण शरीररचनेचे तर्कशास्त्र आणि मिळालेला निकाल एकाच दिशेला बोट दाखवतात. जुन्या, चिवट पोकळीसाठी डॉक्सिसायक्लिन सोडून थर चिकटवण्याचा उपाय आहे. 2013 मध्ये भारतीय शल्यचिकित्सकांनी 16 रुग्णांवरचा त्याचा अनुभव प्रसिद्ध केला. पक्के कवच मात्र कापूनच काढावे लागते. त्वचा मेलेली असेल तर ती काढणे अटळच, आणि तिथे प्लास्टिक सर्जन पहिल्या दिवसापासून सोबत हवा.

हे निदान उशिरा होण्याची किंमत रुग्ण दवाखान्याबाहेरही मोजतो. भारतीय न्याय संहितेच्या कलम 116 नुसार 15 दिवस तीव्र वेदना राहिल्या किंवा नेहमीची कामे करता आली नाहीत, तर ती गंभीर दुखापत ठरते. आणि आपण पहिल्याच दिवशी दाखल्यावर ‘साधी दुखापत’ लिहून मोकळे होतो. केंद्र सरकारच्या 2025 च्या योजनेत अपघातग्रस्ताला दीड लाख रुपयांपर्यंत विनारोकड उपचार मिळतात, पण अपघातापासून 7 दिवसच. दहाव्या दिवशी सापडलेली पोकळी त्या मुदतीत बसत नाही. घरी आंबेहळदीचा लेप आणि तेलाची मालिश सुरू होते, कारण सुटलेल्या त्वचेवर चोळू नका, हे आपण सांगितलेलेच नसते.

म्हणून या परिषदेपुढे मी तीन ठराव ठेवतो. चेंगरणे आणि फरफटणे अशा प्रत्येक अपघातात 48 ते 72 तासांची फेरतपासणी लेखी व्हावी. डिस्चार्ज कार्डावर मराठीत छापलेले असावे की सूज वाढली, त्वचा बधिर झाली किंवा पाणी डुचमळले तर परत या, आणि चोळू नका. तिसरा, शहरातल्या सरकारी आणि खासगी रुग्णालयांनी या इजांची एक सामाईक नोंदवही सुरू करावी. आज मी मांडलेले बहुतेक आकडे परदेशातले आहेत आणि मोठ्या गाड्यांच्या अपघातांवर आधारलेले आहेत; दुचाकीवरून पडलेल्या पुणेकराच्या मांडीत काय होते, हे सांगण्याइतके रुग्ण आपण रोज पाहतो. पुढच्या वर्षीच्या अध्यक्षांना इथले आकडे मांडता यावेत, अशी तजवीज आजच्या सर्वसाधारण सभेत करूया.