‘नको’ म्हणणारे वडील



अॅलन बर्लिनर हे नाव आपल्याकडे फारसे परिचित नाही. १९५६ साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात एका ज्यू कुटुंबात जन्मलेल्या या माहितीपटकाराने दूरच्या युद्धांकडे वा दुष्काळांकडे कॅमेरा वळविला नाही. तो आपल्याच नात्यागोत्यात शिरला.

१९९१च्या ‘इंटिमेट स्ट्रेंजर’मध्ये त्याने आईच्या वडिलांचा शोध घेतला. जोसेफ कासूतो इजिप्तमध्ये कापसाच्या व्यापारात असताना जपान्यांशी जोडले गेले. महायुद्धानंतर त्यांचा बराच काळ जपानमध्ये गेला. कुटुंब ब्रुकलिनमध्ये वाट पाहत राहिले. तिकडे आदरणीय, घरी मात्र परके! आत्मचरित्र लिहिता लिहिता ते गेले आणि ते अपुरे बाड नातवाच्या हाती आले.

परंतु खरा सामना झाला तो १९९६ साली, ‘नोबडीज बिझनेस’मध्ये. समोर वडील, ऑस्कर. एकटे राहणारे, चिडखोर, सारे आयुष्य सामान्य गेल्याचे सांगणारे. माझ्यावर चित्रपट कशाला, हा त्यांचा एकच हेका. मुलगा पूर्वजांच्या शोधात पोलंडमधील राजग्रोद गावापर्यंत पोहोचतो. वडिलांना त्या पूर्वजांशी काडीचेही देणेघेणे नसते. बापलेकांच्या या वादात बर्लिनरने मुष्टियुद्धाची जुनी दृश्ये पेरली आहेत, आणि ती नेमकी बसतात. नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्यांत आपल्या कित्येक पिढ्यांची नावे सापडतात. पण आजोबांचा राग कोणत्या वहीत उतरतो? ऑस्कर यांचा त्रागा मात्र तासाभराच्या या चित्रपटात जसाच्या तसा राहिला आहे. घटस्फोटाचा विषय निघतो तेव्हा तर पाहणाऱ्यालाच अवघडल्यासारखे होते. जो बोलू इच्छित नाही त्याला पोटच्या मुलानेही किती छेडावे? वडील अखेर कॅमेऱ्यासमोरून उठून गेले नाहीत, एवढेच मुलाच्या बाजूने म्हणता येईल.

२०१२च्या ‘फर्स्ट कझिन वन्स रिमूव्ह्ड’मध्ये हा प्रश्न अधिक बिकट होतो. आईचे चुलत-मावस नात्यातले बंधू एडविन हॉनिग हे कवी, प्राध्यापक आणि पेसोआ-लोर्का यांचे अनुवादक. स्पेन व पोर्तुगाल या दोन्ही देशांनी गौरविलेला हा शब्दप्रभू अल्झायमरने ग्रासला. बर्लिनर सुमारे पाच वर्षे त्यांच्याकडे जात राहिला. छायाचित्र पुढे धरावे तर कधी ओळखीची चमक, कधी नुसता हुंकार. बालपणी धाकटा भाऊ ट्रकखाली गेला आणि वडिलांनी त्याचा दोष एडविनवर ठेवला. ती जखमही आता त्यांच्या हाती लागत नव्हती.

ऑस्कर निदान ‘नको’ म्हणू शकत होते. हॉनिग यांना प्रत्येक भेटीत समोरचा माणूस कोण, इथूनच आरंभ करावा लागे. तरीही हा चित्रपट निव्वळ दयेचा ठरत नाही, कारण बर्लिनरने हॉनिग यांच्या दोन दत्तक मुलांनाही बोलू दिले आहे. वडिलांचा कठोरपणा त्यांनी लपविलेला नाही. क्षमा मागायची तर आठवण हवी, आणि वडिलांची आठवण तर केव्हाच गेलेली. मुलांना मात्र सारे लख्ख आठवत होते.