आधी बोला, मग हात द्या

माधानच्या गुलाबराव महाराजांचे नाव आपल्या वऱ्हाडात कोणाला ठाऊक नाही? अमरावती जिल्ह्यातल्या लोणी टाकळी गावी १८८१ साली ते जन्मले. वर्षाच्या आतच त्यांची दृष्टी गेली. दुसऱ्यांनी वाचावे, महाराजांनी ऐकावे. महाराजांनी सांगावे, दुसऱ्यांनी लिहून घ्यावे. असे शंभराहून अधिक ग्रंथ झाले. १९१५ साली ते वारले, तेव्हा वय अवघे ३४ होते. लोक त्यांना प्रज्ञाचक्षू म्हणतात. बुद्धी हेच ज्याचे डोळे, तो प्रज्ञाचक्षू.

महाराजांपुढे आपण हात जोडतो. आणि आपल्याच आळीतल्या न दिसणाऱ्या माणसाला मात्र, “ए आंधळ्या, इकडं ये!” हे कसं चालंल बाप्पा? त्याला मायबापाने नाव ठेवले आहे. त्या नावाने हाक मारा. वयाने वडील असेल तर काकाजी म्हणा.

काहींना एक वाईट खोड असते. मागून येऊन खांद्यावर हात ठेवायचा अन् म्हणायचे, “ओयख पाहू, मी कोन?” चार लोक हसतात. मग त्यालाही हसावे लागते. ही परीक्षा कशाला? “रामराम काकाजी,” म्हणा आणि लगेच आपले नाव सांगा. ओरडू नका, त्याचे कान चांगले आहेत. चहाचेही त्यालाच विचारा, सोबतच्या माणसाला नव्हे.

एस.टी. स्टँडवर तर दया दाखवण्याची घाई होते. कोणी हात ओढतो, कोणी काठीच धरतो. जायचे असते अकोटला, बसवतात मूर्तिजापूरच्या गाडीत! काठीने तो वाट चाचपतो; ती धरली की त्याची वाटच बंद. म्हणून आधी विचारा, “कुठं जायचं? हात देऊ काय?” नको म्हणाला तर राग मानू नका. हो म्हणाला तर आपले कोपर त्याला धरू द्या आणि अर्धे पाऊल पुढे चाला. पायरी आली की सांगा, वर चढायची की खाली उतरायची.

दुकानात मोड देताना प्रत्येक नोट सांगून हातात ठेवा: ही पन्नासची, ही वीसची. घरात वाटेवर बाज टाकू नका. दार अर्धवट उघडे ठेवू नका, ते कपाळावर बसते.

आणि पारावरून उठताना “निघतो काकाजी” एवढे म्हणा. नाहीतर तो बिचारा रिकाम्या जागेशी बोलत राहतो, आणि पोरे हसतात.