शेजारचे गाणे
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी संमेलनातील भाषण)



आशाताई भोसले यांच्या गाण्याविषयी बोलावे असे कार्यवाहांनी सुचविले, तेव्हा नाट्यगीते व भावगीते यांची एक यादीही आमच्या हाती दिली. ती आम्ही सविनय परत केली. त्या गाण्यांना आमच्या शिफारशीची गरज नाही. आज आम्ही बोलणार आहोत ते 'दिल पडोसी है' या हिंदी गीतसंचाविषयी. मराठी मंडळात हा विषय कसा, याचा खुलासा ओघात होईलच.

८ सप्टेंबर १९८७ रोजी, आशाताईंना ५४ वर्षे पूर्ण झाली त्या दिवशी, हा दोन तबकड्यांचा संच निघाला. शब्द गुलजारांचे, संगीत राहुलदेव बर्मन यांचे आणि गाणी १४. चित्रपट नाही, नायिका नाही, पडद्यावरचा प्रसंग नाही. याच तिघांच्या 'इजाजत' या त्याच वर्षीच्या चित्रपटातील गीताने आशाताईंना व गुलजारांना राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिले. हा संच मात्र मागे पडला. आपल्याकडे गाणे घरोघर पोचते ते चित्रपटाच्या खांद्यावर बसून, हे एक कारण. शिवाय बर्मन यांचा तो पडता काळ होता. १९८८ साली 'कयामत से कयामत तक' आला आणि तरुणांचे कान तिकडे वळले. जगजितसिंगांच्या १९९९ सालच्या 'मरासिम'मधील एक गझल त्यांचीच म्हणून ओळखली जाते. ती आशाताईंनी १२ वर्षे आधी या संचात गायिली होती, हे किती रसिकांस ठाऊक आहे?

आम्ही त्या वेळी महाविद्यालयात होतो. रामकृष्णपुरम् येथील सरकारी निवासस्थानात वडिलांचा दंडक होता : घरात वाजेल ते मराठीच. त्यास कारण होते. वडिलांच्या हिंदीवर कचेरीत वर्षानुवर्षे हसू होत असे. ते घरी काही बोलत नसत. पण दार लावून घेतले की उंबऱ्याच्या आत हिंदीचा एक शब्द त्यांना खपत नसे. आम्ही शिकवणीच्या पैशांतून या तबकड्या आणल्या, तेव्हा वडील दोन दिवस आमच्याशी बोलले नाहीत.

तबकड्या वाजल्या त्या समोरच्या दारी. तेथल्या बीजी रावळपिंडीहून निर्वासित होऊन आलेल्या. आमचे यंत्र आम्ही त्यांच्याकडे उचलून नेले. तिसऱ्या की चौथ्या संध्याकाळी वडील आम्हांस बोलवायला म्हणून आले आणि दारातच उभे राहिले. बीजींनी त्यांना विचारले, "भाईसाहेब, ही बाई लखनौची का?" वडील म्हणाले, "आमच्या सांगलीकडची." ते हिंदीत म्हणाले, आणि त्यांच्या नेहमीच्या हिंदीत म्हणाले. कोणी हसले नाही. मग ते आत येऊन बसले.

पुढे आम्ही विचार केला तेव्हा ध्यानात आले, की शब्द लिहिणारा झेलमकडच्या दीना गावचा पंजाबी, फाळणीनंतर दिल्लीत आलेला. चाल बांधणारा कलकत्त्यात जन्मलेला बंगाली. आणि गाणारी दीनानाथांची कन्या. हिंदी ही तिघांपैकी एकाचीही घरची भाषा नव्हे! आमच्या जिन्यावरही हीच वस्ती होती : समोर पंजाबी, वरच्या मजल्यावर बंगाली, आणि आम्ही. शेजाऱ्याच्या भाषेत आशाताई पाहुणीसारख्या बिचकत नाहीत, चुलीपर्यंत जातात. तरी शब्दाचा शेवट जरा खाली ठेवून त्या थांबतात, तेव्हा आम्हांस मराठी भावगीत ऐकू येते. हे आमचे मत. जाणकारांनी दुरुस्त करावे.

दंडक त्यानंतरही मोडला नाही. वडील मात्र रविवारी सकाळी समोरच्या घरी जाऊ लागले.

आज आम्ही आशाताईंच्या त्या वेळच्या वयाचे आहोत. तबकड्या सोबत आणल्या आहेत. भाषण येथे थांबवून त्यांतील पहाटेचे गाणे लावतो. मध्ये एके ठिकाणी सुई अडते. तेवढे सांभाळून घ्यावे.