अडकलेलं बिल आणि तीन वर्षांची मुदत

(रौप्यमहोत्सवी वर्षानिमित्त सोसायटीच्या सभागृहात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मला तुम्ही सगळे ‘कॉन्ट्रॅक्टर काका’ म्हणता. आपली इमारत मी बांधलेली नाही, तेव्हा गळतीचं खापर माझ्यावर फोडू नका!

25 वर्षांपूर्वी इथे राहायला आलो, तेव्हा मी सरकारी कामं घेत होतो. पुढे एकाच वर्षी दोन कामं पूर्ण केली. एक शाळेच्या खोल्यांचं, दुसरं रस्त्यावरच्या मोरीचं. मोजमाप पुस्तिकेत नोंदी झाल्या, अंतिम बिलं तयार झाली, आणि उत्तर आलं, “निधी आला की देऊ.” सिमेंटवाल्याची उधारी, मजुरांचे पैसे, या फ्लॅटचा हप्ता, यांतलं काहीच थांबत नव्हतं. हिने मंगळसूत्र तेवढं ठेवून बाकीचे दागिने बँकेत गहाण ठेवले.

मी मात्र कार्यालयात खेटे घालत राहिलो. साहेब चहा पाजायचे, “तुमचं बिल नक्की निघणार” म्हणायचे. चार वर्षं अशीच गेली. मग वकिलांकडे गेलो.

ते म्हणाले, “1963 च्या मुदतीच्या कायद्यानुसार, पैसे देण्याची तारीख करारात ठरलेली नसेल, तर काम पूर्ण झाल्यापासून तीन वर्षांत दावा लावावा लागतो.” माझे पाय गळाले. पण शाळेच्या फाइलीत एक पत्र निघालं. देणं मान्य आहे, निधी मिळताच देऊ, असं त्यात अधिकाऱ्यानं सहीनिशी लिहिलं होतं, आणि तेही तीन वर्षं संपण्यापूर्वी. त्या कायद्याच्या कलम 18 प्रमाणे अशा लेखी कबुलीच्या तारखेपासून मुदत नव्यानं मोजतात. मोरीबद्दलची आश्वासनं सगळी तोंडी. शाळेचे पैसे दावा जिंकून व्याजासह मिळाले, मोरीचे बुडाले. काम मात्र दोन्हीकडे सारखंच चोख होतं.

म्हणून सांगतो, आधी लेखी मागणी करा. व्याजही मागणार आहोत हे त्यात स्पष्ट लिहा आणि पोच घ्या. करारात लवादाचं कलम असेल तर वाद तिकडे न्यावा लागतो. नसेल तर दिवाणी दावा. राज्य सरकारविरुद्ध दाव्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. तो काळ मुदतीत धरत नाहीत. नगरपालिका, जिल्हा परिषदेसाठी नोटिशीचे नियम वेगळे असतात, ते आधी वकिलांना विचारा.

2015 पासून व्यापारी न्यायालयांचा कायदा आहे. बांधकामाचे करारही त्यात येतात. आता तीन लाख किंवा त्याहून जास्त रकमेचे दावे तिकडे जातात, आणि तातडीचा आदेश नको असेल तर आधी मध्यस्थीचा प्रयत्न सक्तीचा असतो.

उच्च न्यायालयात अनुच्छेद 226 खाली रिट याचिकाही करता येते. करारातल्या वादातही योग्य प्रकरणी ती चालू शकते, असं सर्वोच्च न्यायालयानं 2003 मध्ये एबीएल इंटरनॅशनलच्या खटल्यात सांगितलं आहे. पण रक्कम खात्यानंच मान्य केलेली असेल तर उपयोग. मोजमापावरच भांडण असेल तर “दिवाणी न्यायालयात जा” असंच बहुधा ऐकावं लागतं.

आपल्या सोसायटीतली मुलं आता स्थापत्य अभियंता होऊन या धंद्यात येत आहेत. त्यांना माझं एवढंच सांगणं: साहेबांचा चहा जरूर घ्या, पण येताना सहीचा कागदही घ्या. आणि काम संपल्याची तारीख कॅलेंडरवर लाल शाईनं लिहून ठेवा.

जाता जाता समितीला एक विनंती. महोत्सवासाठी इमारतीला रंग देणाऱ्याचं शेवटचं बिल वेळेवर द्या. त्याच्याही घरी हप्ता असेल.