ग्रीकांचे नाटक आणि गावची जत्रा

(डाळज, ता. इंदापूर येथे दिलेल्या व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)



'प्राचीन ग्रीक नाटक आणि समाज' हा विषय मी संयोजकांना दूरध्वनीवरून कळवला, तेव्हा पलीकडून क्षणभर काहीच उत्तर आले नाही. मग एकाने अत्यंत नम्रपणे विचारले, "साहेब, याचा आमच्या गावाशी काय संबंध?" प्रश्न रास्त होता. आजचे माझे भाषण म्हणजे त्या एका प्रश्नाचे उत्तर आहे.

सुरुवात एका शब्दापासून करतो. अलीकडे जत्रेच्या पत्रिकेवर 'रात्री ९ वाजता भव्य ऑर्केस्ट्रा' अशी ओळ हटकून असते. हा शब्द आपण इंग्रजांकडून घेतला, पण तो मूळचा ग्रीक आहे आणि त्याचा मूळ अर्थ आहे नाचण्याची जागा. टेकडीच्या उतारावर लोक बसत आणि पायथ्याच्या मोकळ्या मैदानात वृंद गात, नाचत असे. त्या मैदानाचे नाव ऑर्केस्ट्रा. तुमच्याच तालुक्यात बेलवाडीला तुकोबांच्या पालखीचे गोल रिंगण होते. सभोवती गाव आणि मधल्या जागेत टाळकरी, विणेकरी, पखवाजी. ऑर्केस्ट्रा म्हणजे काय, हे इंदापूर तालुक्याला पुस्तकातून शिकण्याची गरज नाही. प्रश्न एवढाच, की त्या मधल्या जागेत उभे कोण राहते? गाव स्वतः, की सुपारी देऊन आणलेली माणसे?

खर्च कोणाचा, निकाल कोणाचा?

इसवी सनापूर्वीच्या पाचव्या शतकातील अथेन्स डोळ्यांसमोर आणा. वसंत ऋतूत तेथे डायोनायसस या देवाचा मोठा उत्सव भरे. आपल्या चैत्रातील जत्रांचाच तो काळ. नाटक होई ते या उत्सवात, देवाच्या मंदिरालगत, ॲक्रोपोलिस टेकडीच्या दक्षिण उतारावर. तीन कवी निवडले जात. प्रत्येकाने तीन शोकांतिका आणि एक हास्यप्रधान खेळ सादर करायचा. विनोदी नाटकांची स्पर्धा वेगळी.

या सगळ्याचा खर्च तिकिटाच्या धंद्यावर चालत नसे. शहराचा अधिकारी एकेका धनवंताला नेमून देई, की यंदा या कवीच्या वृंदाचा खर्च तुझा. वृंदाची तालीम, पोशाख, जेवणखाण, सारे त्याने करायचे. तो एक प्रकारचा करच होता, पण मानाचा. एका धनिकाने न्यायालयात मांडलेला हिशेब आज उपलब्ध आहे. एका शोकांतिकेच्या वृंदासाठी आपण ३,००० द्राख्मा खर्च केले, असे तो सांगतो. कुशल कारागिराची दिवसाची मजुरी तेव्हा साधारण एक द्राख्मा होती. म्हणजे एका कारागिराची आठ-नऊ वर्षांची कमाई या माणसाने गावाच्या नाटकासाठी दिली! आपला वृंद जिंकला की हे धनिक स्मारक उभारीत. लायसिक्राटीस नावाच्या गृहस्थाने बालवृंदाच्या विजयाप्रीत्यर्थ इ.स.पू. ३३५-३३४ मध्ये उभारलेले स्मारक अथेन्समध्ये अजून उभे आहे. देणगीदाराला नावाची हौस असणे ही काही आजची गोष्ट नव्हे. फरक इतकाच, की त्याचे नाव दगडावर कोरले गेले आणि आपले फलक चार दिवसांत उतरवले जातात.

गरिबाला प्रवेशासाठी लागणारे दोन ओबोल शहराच्या निधीतून मिळत. परंपरा या व्यवस्थेचे श्रेय पेरिक्लीसला देते. निकाल देणारे परीक्षकही कोणी पंडित नव्हते. नागरिकांच्या दहा गटांतून चिठ्ठ्या टाकून दहा सामान्य माणसे निवडली जात. आणि गाणारे कोण? उत्सवातील समूहगायनाच्या स्पर्धेत दहा गटांतून प्रत्येकी ५० पुरुष आणि ५० मुलगे उतरत. म्हणजे दरवर्षी एक हजार गळे! समोर बसलेल्या प्रेक्षकांत असे कितीतरी असत, जे कधीतरी स्वतः त्या मैदानात नाचून गेले होते. ज्याने स्वतः टाळ धरला आहे, त्याला समोरचा कुठे ताल चुकला हे कळते. तसा तो प्रेक्षक जाणता होता.

हे केवळ राजधानीचे वैभव नव्हते. थंडीच्या दिवसांत अथेन्सभोवतालची खेडी आपापला उत्सव करीत आणि त्यातही नाटके होत. थोरिकोस हे चांदीच्या खाणींजवळचे गाव. तेथल्या दगडी नाट्यगृहाचे अवशेष आजही पाहता येतात. शोकांतिकेचा आद्य प्रवर्तक मानला जाणारा थेस्पिस हाही इकारिया नावाच्या खेड्यातला, अशी परंपरा आहे. नाटक शहराने खेड्याला दिले नाही, ते खेड्याने शहराला दिले.

शत्रूचे दुःख आणि आपले दुःख

आता अधिक गंभीर मुद्द्याकडे येतो. एवढा खर्च, एवढी तालीम करून ते लोक पाहत काय होते?

इ.स.पू. ४९४ मध्ये इराणी साम्राज्याने मिलेटस हे ग्रीकांचे नगर उद्ध्वस्त केले. मिलेटसकरांनी पुकारलेल्या बंडाला अथेन्सने आधी जहाजे पाठवली होती आणि नंतर हात काढून घेतला होता. पुढे फ्रायनिकस या कवीने 'मिलेटसचा पाडाव' रंगभूमीवर आणला. इतिहासकार हिरोडोटस सांगतो, की सारे प्रेक्षागृह रडले. आणि मग अथेन्सकरांनी कवीला १,००० द्राख्मा दंड केला! आमच्या घरच्या दुःखाची आठवण करून दिली, हा त्याचा अपराध. ते नाटक पुन्हा कोणी करू नये, असा हुकूमही काढला.

पुढे इ.स.पू. ४८० मध्ये इराण्यांनी खुद्द अथेन्स जाळले आणि त्याच वर्षी सालामिसच्या सागरी युद्धात ग्रीकांनी त्यांचा पराभव केला. आठ वर्षांनी, इ.स.पू. ४७२ मध्ये, एस्किलस या कवीने 'पर्शियन्स' हे नाटक केले. खर्च उचलणारा धनिक होता तरुण पेरिक्लीस. एस्किलस स्वतः मॅरेथॉनच्या रणांगणावर लढलेला. विजयाचा केवढा जल्लोष त्याला मांडता आला असता! त्याने दाखवला तो शत्रूचा राजवाडा. मुलाची वाट पाहणारी राजमाता आणि फाटक्या वस्त्रांनिशी परतलेला राजा. प्रेक्षक बसले होते त्या टेकडीच्या माथ्यावरची मंदिरे याच शत्रूने जाळली होती. त्यांच्या पायथ्याशी बसून अथेन्सकरांनी शत्रूच्या आईचे रडणे ऐकले आणि या नाटकाला पहिले पारितोषिक दिले. आपल्या विजयाचा अभिमान बाळगूनही शत्रूच्या आईचे अश्रू ओळखता येतात, हे त्या समाजाने नाट्यगृहात अनुभवले.

असा प्रसंग आपल्या परंपरेला अपरिचित नाही. भरतमुनींच्या नाट्यशास्त्राचा पहिला अध्याय पाहा. इंद्रध्वजाच्या उत्सवात पहिले नाटक झाले. विषय होता देवांनी दैत्यांवर मिळवलेला विजय. दैत्य संतापले आणि त्यांनी प्रयोगात विघ्ने आणली. ब्रह्मदेवाने काय केले? दैत्यांना हाकलून दिले नाही. त्याने त्यांना जवळ बोलावून समजावले, की हे नाट्य एकट्या देवांचे नाही आणि एकट्या दैत्यांचेही नाही, तिन्ही लोकांतल्या सुखदुःखांचे हे दर्शन आहे. सर्व वर्णांना खुला असा हा पाचवा वेद. ग्रीसचा गौरव करताना आपल्या घरातला हा विचार विसरता कामा नये. आणि त्याचा गौरव केवळ भाषणात करूनही भागणार नाही.

नाटकाची ही ताकद परकीय सत्तेनेही ओळखली होती. 'केसरी'त लोकमान्यांचे सहकारी असलेले कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे 'कीचकवध' १९०७ साली रंगभूमीवर आले. कथा महाभारतातली. परंतु प्रेक्षकाला कीचकात लॉर्ड कर्झन दिसला आणि द्रौपदीत पराधीन भारत. सरकारने १९१० साली त्यावर बंदी घातली. लंडनच्या 'टाइम्स'चे व्हॅलेन्टाइन चिरोल यांनी त्याच वर्षी निघालेल्या आपल्या पुस्तकात या नाटकाची सविस्तर दखल घेतली. अग्रलेखावर खटले होतच होते; नाटकाची भीती वेगळी होती. अग्रलेख माणूस एकटा वाचतो, नाटक हजार माणसे एकत्र बसून पाहतात आणि परतताना एकमेकांच्या डोळ्यांत पाहतात.

कलावंताचे स्थान

अथेन्समध्ये सारे आदर्शच होते, असे मी म्हणणार नाही. तेथे स्त्रियांना आणि गुलामांना नागरिकत्वाचे अधिकार नव्हते. स्त्रियांच्या भूमिका मुखवटे घालून पुरुषच करीत. त्या युरिपिडीसने इ.स.पू. ४१५ मध्ये 'ट्रोजन विमेन' लिहून युद्धात गुलाम झालेल्या स्त्रियांचा आक्रोश मांडला, तेव्हा अथेन्सने मेलोस बेटावरचे पुरुष मारून बायकामुले गुलाम केल्याला काही महिनेच झाले होते. त्याला दुसरा क्रमांक मिळाला. सत्य ऐकवणारा कवी तेथेही सर्वांना रुचत नव्हता.

तरी एक गोष्ट आपण घ्यावी. वृंदात नाचणारा नागरिक होता. तालमीच्या काळात त्याला सैनिकी सेवेतून सूट मिळे. पुढल्या शतकात अॅरिस्टोडेमस नावाच्या नटाला शहराने मॅसिडोनियाच्या फिलिप राजाकडे बोलणी करण्यास पाठवले. आपण मात्र काय केले? रेठरे हरणाक्षचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी तमाशात जाऊन पठ्ठे बापूराव झाले, तेव्हा त्यांना घर आणि जात दोन्हींना पारखे व्हावे लागले. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांनी पडद्यामागे बाळाला जन्म देऊन पुन्हा फड गाजवला, ही हकीकत महाराष्ट्र कौतुकाने सांगतो. त्या २००२ साली गेल्या, त्या मात्र हलाखीत. आज राज्य शासन त्यांच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार देते. रात्री ज्यांच्या वगाला टाळ्या द्यायच्या, त्यांना सकाळी पाण्याचा तांब्या वेगळा द्यायचा, हे आपल्या गावांनी केले आहे. समाज एकरस व्हावा असे म्हणणाऱ्याने ही गोष्ट झाकून ठेवू नये. कलावंताला वेशीबाहेर ठेवून कला वेशीच्या आत आणता येत नाही.

मधली जागा

आता तुमच्या गावाविषयी. विष्णुदास भावे यांनी १८४३ साली सांगलीत 'सीतास्वयंवर' केले ते चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाने. राजे १८५१ साली वारले, आश्रय संपला आणि मराठी नाटकाला तिकिटाचा मार्ग धरावा लागला. शहरात नाटक तेव्हापासून विकत घ्यायची वस्तू झाले. गावाकडे मात्र वर्गणी टिकली. घरटी वर्गणी, देणगीदार, जत्रा समिती, मोकळे मैदान आणि रात्रभर बसणारा प्रेक्षक. अथेन्सची सारी व्यवस्था तुमच्याकडे आजही शाबूत आहे. नाही ते फक्त तुमचे स्वतःचे बोलणे. लाखाची वर्गणी जमवून आपण दुसऱ्याचा कर्णा भाड्याने आणतो.

आणि बोलण्यासारखे नाही, असे कोण म्हणेल? येथून जवळच उजनीचा जलाशय आहे. धरण १९८० साली पूर्ण झाले. भीमाकाठची गावे पाण्यात गेली. उन्हाळ्यात पाणी ओसरले की पळसदेवचे पळसनाथाचे जुने मंदिर वर येते आणि शहरांतून माणसे छायाचित्रे काढायला धावतात. या सभेतल्या कुणाच्या आजोळची चूल त्या पाण्याखाली असेल. त्याच पाण्यावर कुणाचा ऊस उभा असेल. एकाच तालुक्यात हरवलेलेही आहेत आणि मिळवलेलेही. या दोघांनी एका मैदानात, शेजारी शेजारी बसून हे दुःख एकदा तरी पाहावे. घर सोडतानाचा शेवटचा दिवस आठवणारी माणसे आज वार्धक्याला टेकली आहेत. त्यांचे बोल लिहून घ्या. वग करा, भारूड करा, नाटक करा. भजनी मंडळ तुमच्याकडे आहे, लेझीम आहे, गजी ढोल आहे. वृंद बाहेरून आणावा लागणार नाही.

काही जण रागावतील. जुन्या जखमा कशाला उकरता, असे विचारतील. तेव्हा फ्रायनिकसला आठवा. रडलेल्या लोकांनीच त्याला दंड केला होता. पण तीसेक वर्षांच्या आतच त्याच लोकांनी 'पर्शियन्स'ला मान दिला. दुःखाकडे पाहण्याची सवय समाजाला लागावी लागते, आणि ती नाटकच लावू शकते.

जत्रेतला ऑर्केस्ट्रा बंद करा, असे सांगायला मी आलेलो नाही. तरुणांनी नाचावे, गावे. एक रात्र मात्र गावाने स्वतःसाठी ठेवावी. पुढच्या जत्रेच्या पत्रिकेत एवढी एकच ओळ वाढवा, की सादरकर्ते समस्त ग्रामस्थ. ग्रीक नाटकाचा आमच्या गावाशी काय संबंध, या प्रश्नाचे खरे उत्तर त्या रात्री तुम्हीच द्याल. ते ऐकायला मला जरूर बोलवा. मी वर्गणी देऊन येईन.