वडिलांचे कर्ज आणि वारसांची जबाबदारी
(शेतकरी मेळाव्यातील भाषण)



पिकावर कीड पडली की आपण लगेच विचारायला येता. पण घरचा कर्ता माणूस गेला आणि मागे कर्जाचा कागद निघाला, तर कोणी कोणाला विचारत नाही. तेराव्याला देणेकरी दारात येतो आणि चार माणसांसमोर मुलगा लाजेखातर स्वतःच्या नावाने नवी चिठ्ठी लिहून देतो. ती सही किती महाग पडते, एवढेच आज सांगायचे आहे.

मूळ नियम साधा आहे. वारसाला मयताची जेवढी मालमत्ता मिळाली, तेवढ्यापुरतीच त्याची जबाबदारी. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील कलम ५० व ५२ हेच सांगतात. समजा, वडिलांचे देणे ५ लाख रुपये आणि मागे राहिलेली जमीन व जनावरे मिळून ३ लाखांची. तर वसुली ३ लाखांपर्यंतच. मुलाने स्वतःच्या कमाईने घेतलेला एकर किंवा सुनेचे दागिने त्यात येत नाहीत.

बापाचे ऋण मुलाने फेडलेच पाहिजे, हा हिंदू कायद्यातील जुना दंडक होता. ९ सप्टेंबर २००५ पासून तो बदलला. त्यानंतर काढलेल्या कर्जासाठी केवळ पुत्रधर्म म्हणून मुलावर किंवा नातवावर वसुली लादता येत नाही. मात्र जमीन गहाण असेल किंवा सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात सोसायटीचा बोजा असेल, तर तो जमिनीबरोबर चालत येतो. वारसनोंद झाली म्हणून बोजा उतरत नाही.

आता काय करावे ते सांगतो.

१) दुःखाच्या दिवसांत कोणत्याही नव्या कागदावर सही करू नका. वडिलांच्या कागदाची नक्कल मागा. नवी चिठ्ठी केली की वडिलांचे देणे तुमचे स्वतःचे होऊ शकते आणि मग ३ लाखांची मर्यादा उरत नाही.

२) सातबारा, आठ-अ, पासबुक, जनावरे, अवजारे यांची यादी करून ठेवा.

३) मिळालेली मालमत्ता विकून पैसे लग्नकार्यात खर्च करू नका. तिचा योग्य विनियोग झाल्याचे न्यायालयाला पटवता आले नाही, तर तेवढ्या रकमेची वसुली तुमच्या स्वतःच्या मालमत्तेतून होऊ शकते. वडिलांचे दुसरे देणे फेडले असेल, तर पावती जपून ठेवा.

४) समन्स आले तर परत पाठवू नका. ते विधवा पत्नी, आई, सासरी गेलेली मुलगी यांच्याही नावाने येऊ शकते, कारण त्याही वारस आहेत. समन्स मिळाल्यापासून साधारण ३० दिवसांत कैफियत द्यावी लागते. आपणास काय मिळाले व काय मिळाले नाही, ते तिच्यात स्पष्ट लिहा. गैरहजर राहिल्यास एकतर्फी हुकूमनामा होतो.

५) दावा चालू असताना वडील वारले तर वकिलांना लगेच कळवा. वारसांना दाव्यात सामील करून घेण्यासाठी वादीला ९० दिवसांची मुदत असते.

६) देणारा सावकारीचा धंदा करणारा असेल, तर परवाना विचारा. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यानुसार, कर्ज देताना परवाना नसलेल्या सावकाराला न्यायालय हुकूमनामा देत नाही.

वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जावे. महिलांना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

कर्ज बुडवा, असे मी सांगत नाही. वडिलांनी घेतले ते त्यांच्या मालमत्तेतून जरूर फेडावे. पण जे देणे कायद्याने आपले नाही, ते लाजेपोटी मुलाबाळांच्या डोक्यावर ठेवू नये.