मी सोन : चंपा राज्याच्या अवशेषांतील एक दिवस

मध्य व्हिएतनाममधील मी सोन हे चंपा राज्याचे प्रमुख शैव देवस्थान. थु बोन नदीच्या खोऱ्यात, डोंगरांनी वेढलेल्या जेमतेम दोन किलोमीटर रुंदीच्या दरीत, चौथ्या शतकाच्या अखेरीपासून तेराव्या शतकापर्यंत येथे मंदिरे बांधली, पाडली आणि पुन्हा उभारली गेली. सत्तरच्या आसपास वास्तूंची नोंद झालेली असून त्यांतील वीसेक आज आकारावरून ओळखू येतात. होई आन हे जुने बंदर येथून सुमारे 40 किलोमीटरवर, तर दा नांग शहर 70 किलोमीटरवर आहे. या दोन ठिकाणांहून मार्गदर्शकासह निघणारी एक दिवसाची सहल हाच बहुतेक परदेशी प्रवाशांचा चंपाशी येणारा पहिला आणि शेवटचा संबंध असतो.

सहलीचा साचा ठरलेला आहे. बस सकाळी आठच्या सुमारास निघते; ऊन टाळू पाहणाऱ्यांसाठी पहाटेच्या फेऱ्याही असतात. तासा-दीड तासात प्रवेशद्वार येते. तेथे एक छोटे संग्रहालय, पुढे ओढ्यावरचा पूल, मग विजेवर चालणारी गाडी आणि शेवटी पायवाट. अवशेषांमध्ये दोन तास मिळतात. त्यातच चाम वाद्यांच्या साथीने होणारा अप्सरानृत्याचा कार्यक्रमही बसवलेला असतो. परतीचा काही टप्पा थु बोन नदीतून होडीने करण्याची सोय अनेक सहलींत असते. थोडे जास्त पैसे मोजावे लागले तरी ती घ्यावी, कारण या राज्याचा उलगडा नदीवरूनच होतो.

मी सोन ही राजधानी नव्हती, ही गोष्ट दोन तासांच्या फेरीत सहसा सांगायची राहून जाते. येथे राजवाडा नाही, तट नाही, बाजारपेठ नाही. राजधानी होती सिंहपूर, म्हणजे नदीच्या खालच्या अंगाला असलेले आजचे त्रा किऊ. समुद्राकडचे दार होते नदीच्या मुखाशी, आजच्या होई आनच्या परिसरात. वर डोंगरात देव, मध्ये राजा आणि खाली गलबते अशी ही मांडणी होती. अगरू, हस्तिदंत आणि सुगंधी लाकूड डोंगरातून नदीने खाली यायचे आणि भारत, चीन व अरबस्तान यांच्यामधील सागरी व्यापारात जायचे. त्या व्यापारातून आलेल्या संपत्तीतून वरच्या दरीतली मंदिरे उभी राहिली. जी सहल फक्त मंदिरे दाखवते, ती राज्याचा एकतृतीयांश भागच दाखवते.

‘राज्य’ हा शब्दही जरा सैल अर्थाने घ्यायला हवा. अमरावती, विजय, कौठार आणि पांडुरंग अशा प्रदेशांचा हा किनारपट्टीवरचा समूह होता. त्यांच्यातील एखादा राजा प्रबळ झाला की बाकीचे त्याचे वर्चस्व मानत, एरवी आपापले पाहत. (शेवटच्या नावाने मराठी वाचक थबकेल; पण पंढरपूरशी त्याचा धागा जोडायला पुरावा नाही.) मी सोन अमरावतीत येते.

दरीतील पहिले देवालय भद्रवर्मन या राजाने चौथ्या शतकाच्या अखेरीस किंवा पाचव्याच्या आरंभी बांधले. त्याच्या संस्कृत शिलालेखात भद्रेश्वर नावाच्या शिवाला दिलेल्या जमिनीच्या चतुःसीमा आहेत. त्यांत महापर्वत आणि महानदी ही नावे येतात. महापर्वत म्हणजे दरीवर उभा असलेला सुळका आणि महानदी म्हणजे थु बोन, असे मानले जाते. राजाचे नाव आणि त्यापुढे ‘ईश्वर’ अशी देवाची नावे ठेवण्याची रीत दख्खनमध्येही होती. पट्टदकल येथे चालुक्य विजयादित्याने बांधलेले विजयेश्वर हे तिचे जवळचे उदाहरण. भद्रवर्मनचे देवालय पुढे आगीत नष्ट झाले. शंभुवर्मनने सातव्या शतकाच्या सुरुवातीच्या काळात ते नव्याने बांधले आणि देवाचे नाव झाले शंभुभद्रेश्वर. जुन्या राजाचे नाव न पुसता आपले नाव त्याला जोडण्यात राजकारणही होते आणि पुण्यही.

येथील लेखांतील कालगणना शक संवत्सरात आहे, त्यामुळे पंचांग चाळणाऱ्या मराठी माणसाला ती परकी वाटत नाही. शके 579, म्हणजे इसवी सन 658 मधील प्रकाशधर्म राजाचा लेख विशेष महत्त्वाचा. राजवंशाची हकिगत सांगताना त्यात शेजारच्या ख्मेर देशातील भवपुराची कथा येते : द्रोणपुत्र अश्वत्थाम्याकडून मिळालेला भाला कौंडिण्य नावाच्या ब्राह्मणाने त्या भूमीत रोवला आणि सोमा या नागकन्येशी विवाह केला. महाभारतातील पात्रे सातव्या शतकात तेथील राजकुलांच्या वंशावळीत किती सहज वावरत होती, ते यावरून दिसते. मात्र यावरून चंपा ही भारताची वसाहत होती असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अनेक भारतीय इतिहासकारांनी तसे हौसेने लिहिले. चाम लोकांची भाषा मलय आणि आचे या भाषांच्या कुळातली आहे आणि त्रा किऊजवळ सापडलेला जुन्या चाम भाषेतील लेख त्या कुळातील सर्वांत प्राचीन लेख मानला जातो. संस्कृत, शिवपूजा आणि लिपी त्यांनी बाहेरून घेतली. राजे, कारागीर आणि सैन्य त्यांचे स्वतःचे होते.

अवशेषांना ए, बी, सी अशी रोमन अक्षरांची नावे आहेत. ती फ्रेंच वास्तुतज्ज्ञ आंरी पार्मांतिए याने विसाव्या शतकाच्या आरंभी केलेल्या मोजणीतून आली. कामी पारी या फ्रेंच माणसाला 1898 मध्ये ही जागा झाडोऱ्यात दिसली, त्यानंतर लेखांचे ठसे आणि वास्तूंचे नकाशे तयार झाले. ही अक्षरे कोरडी वाटतात, पण पार्मांतिएचे नकाशे नसते तर पुढे नष्ट झालेल्या काही मंदिरांचा आकारही आज सांगता आला नसता.

सर्वाधिक वेळ बी, सी आणि डी या लगतच्या समूहांसाठी राखावा. चाम मंदिरसंकुलाची सारी अंगे येथे एका नजरेत येतात. मधोमध गाभाऱ्याचे मुख्य मंदिर, त्याला चाम भाषेत ‘कलन’ म्हणतात. समोर गोपुर, त्यापुढे लांबट मंडप आणि बाजूला कोषगृह. बी 5 हे दहाव्या शतकातील कोषगृह या दरीतील सर्वांत देखण्या वास्तूंपैकी एक आहे. त्याचे छप्पर होडीसारखे दोन्ही टोकांना उचललेले असून भिंतीवर झाडाखाली समोरासमोर उभ्या हत्तींचे शिल्प आहे. शेजारच्या बी 1 ची मात्र केवळ दगडी बैठक उरली आहे. विटांच्या या गावात दगडाने बांधायला घेतलेले ते एकमेव मंदिर. डीमधील मंडपांत आता शिल्पे मांडून ठेवली आहेत.

लिंगपूजेतील एक प्रथा मराठी वाचकाला ओळखीची वाटेल. चंपाचे राजे लिंगावर चढवण्यासाठी सोन्याचांदीचे मुखयुक्त ‘कोश’ अर्पण करीत. शिलालेखांत त्यांचे उल्लेख अभिमानाने येतात. पिंडीवर मुखवटा चढवण्याची आपल्याकडील रीत याच जातीची.

विटांविषयी मार्गदर्शक हमखास एक वाक्य सांगतो : हे बांधकाम कसे केले, ते कोडे अजून सुटलेले नाही. ते निम्मेच खरे आहे. विटांमधील सांधे इतके बारीक आहेत की चुना दिसतच नाही, आणि हजार वर्षांनंतरही मूळ भिंतींवर शेवाळ कमी धरते, तर नंतरच्या दुरुस्तीच्या विटा पांढुरक्या पडतात. पण इटालियन आणि व्हिएतनामी तज्ज्ञांनी जी समूहावर केलेल्या कामात विटा जोडण्यासाठी वनस्पतिजन्य राळेचा वापर झाल्याचे पुरावे मिळाले, आणि त्या भागात होड्यांच्या फटी बुजवायला आजही वापरतात त्या ‘झाऊ राय’ झाडाची राळ दुरुस्तीत वापरली गेली. विटा एकमेकींवर घासून बसवल्या असाव्यात, असेही एक मत आहे. कोरीवकाम भिंत उभी राहिल्यावर केले जात असे, हे तर अर्धवट सोडलेल्या नक्षीवरून उघड दिसते. छताला कमान नाही. विटांचा प्रत्येक थर किंचित आत सरकवत शिखर मिटवले आहे, म्हणून गाभारे अरुंद आणि आतून उंच, काळोखे.

‘छोटे अंगकोर’ ही जाहिरातीतली उपमा दोन्ही जागांवर अन्याय करते. अंगकोर वाट बाराव्या शतकातले, तेही प्रचंड आणि दगडी. मी सोनचे देवस्थान त्याच्याहून सात शतकांनी जुने, आणि त्याचा आवाका एका माणसाच्या नजरेत मावणारा.

पडझड सारी काळाने केलेली नाही. ऑगस्ट 1969 मध्ये अमेरिकी बॉम्बहल्ल्यांत मंदिरांची मोठी हानी झाली. चोवीस मीटर उंचीचे ए 1, म्हणजे चाम स्थापत्याचा सर्वांत परिपूर्ण नमुना, त्यात कोसळले. बॉम्बने पडलेले खड्डे मंदिरांलगत अजून दिसतात आणि बहुतेक मार्गदर्शक तेथे थांबतात. युद्धानंतर दरीत न फुटलेले सुरुंग होते. ते काढल्यावरच 1981 पासून पोलिश वास्तुतज्ज्ञ काझिमिएझ क्व्हियातकोव्स्की याच्या नेतृत्वाखाली दुरुस्ती सुरू झाली. 1997 मध्ये त्याचे व्हिएतनाममध्येच निधन झाले. होई आनमध्ये त्याचे स्मारक आहे. 1999 मध्ये मी सोन आणि होई आन ही दोन्ही स्थळे युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत आली.

2017 ते 2022 या काळात भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाने ए, एच आणि के या समूहांवर काम केले. मे 2020 मध्ये ए समूहात साफसफाई करताना एकाच वालुकाश्मातून घडवलेले नवव्या शतकातील शिवलिंग समोर आले आणि त्याच्या बातम्या भारतातही झळकल्या. प्रसिद्धी लिंगाला मिळाली; कामाचे मोल मात्र कोसळलेल्या भिंतींना आधार देण्यात आणि विखुरलेल्या विटा ओळखून बसवण्यात अधिक आहे.

मी सोनची उत्तम शिल्पे मी सोनमध्ये नाहीत. ती दा नांगच्या चाम शिल्पसंग्रहालयात आहेत. 1919 मध्ये सुरू झालेल्या या संग्रहालयात ई 1 मंदिराचे सातव्या शतकातील वालुकाश्माचे पीठ ठेवले आहे. त्यावर डोंगरातल्या तपस्व्यांचे जीवन कोरले आहे : कोणी ध्यानस्थ, कोणी उपदेश करणारा, कोणी बासरी वाजवणारा. त्याच मंदिराच्या दर्शनी पट्टीवर शेषशायी विष्णू आणि त्याच्या नाभिकमळातून प्रकट होणारा ब्रह्मा आहे. शेजारी ई 5 मधला उभा गणपती आहे; बसलेल्या गणपतीची सवय असलेल्या डोळ्यांना तो वेगळा भासतो. त्रा किऊचे नर्तकींचे पीठही येथेच. दरीतली रिकामी देवळे आणि संग्रहालयातली देवळाविना शिल्पे मनात एकत्र जोडावी लागतात. म्हणून दा नांगहून निघणाऱ्याने संग्रहालय आधी पाहावे. होई आनहून जाणाऱ्याने वाटेत त्रा किऊला गाडी थांबवायला सांगावी. तेथे मातीच्या तटाच्या खुणा आणि चर्चची टेकडी एवढेच दिसेल, पण राजधानी कोठे होती ते तरी कळेल. सप्टेंबर ते डिसेंबर हा तिकडचा पावसाळा. त्या काळात थु बोनला पूर येतात, म्हणून फेब्रुवारी ते एप्रिल बरा.

‘चंपा राज्य लयाला गेले’ असे सांगून सहल संपते. राज्य खरोखर गेले : 1471 मध्ये दाय व्हिएतच्या ले थान् तोंग राजाने विजय नगर जिंकले आणि 1832 मध्ये उरलेला पांडुरंग प्रदेशही व्हिएतनामच्या सम्राटाने खालसा केला. लोक गेले नाहीत. 2019 च्या जनगणनेत व्हिएतनाममध्ये पावणेदोन लाखांहून अधिक चाम नोंदले गेले. त्यांत मुसलमान आहेत, इस्लामचे स्थानिक रूप पाळणारे बानी आहेत आणि स्वतःला बालामोन, म्हणजे ब्राह्मणी पंथाचे, म्हणवणारेही आहेत. बालामोन चाम मुख्यतः दक्षिणेकडे, जुन्या पांडुरंग प्रदेशात राहतात. फान रांग येथील पो क्लोंग गराय मंदिरात ऑक्टोबरच्या सुमारास काते हा त्यांचा मोठा उत्सव भरतो; देवाला स्नान घालून वस्त्रे चढवली जातात आणि मुखलिंगाची पूजा होते. मी सोनपासून ते मंदिर पाचशे किलोमीटरहून दूर असल्याने एका दिवसाच्या सहलीत बसत नाही. त्यासाठी फान रांगला मुक्कामाने जावे लागते.